शिक्क्याचा धाकलू

रिह्याच्या खोऱ्यात धाकलू नावाची माणसं दोन-चार तरी असतील, पण शिक्क्याचा धाकलू म्हटलं की बोट एकाच दिशेला जायचं. डोंगराच्या खांद्यावर जांभूळमाळ नावाची अठरा झोपड्यांची कातकरवाडी होती, तिथला हा. अंगाने किरकोळ, बोलायला कमी, आणि हसायचं झालं तर आधी इकडेतिकडे बघून हसणारा. कोळशाच्या ठेकेदाराकडे तो अकरा वर्षं हातोडेवाला होता आणि त्या कामाचा त्याला मनापासून अभिमान होता. गरिबाला अभिमान वाटायला फार काही लागत नाही. आपण पुढे चालावं आणि चार माणसांनी मागून यावं, एवढंही पुरतं.

काम असं होतं. ठेकेदार दरसाल डोंगराचा एक तुकडा तोडीला घ्यायचा. मग मुकादम कुशाबा पुढे आणि धाकलू मागे अशी जोडी रानात शिरायची. कुशाबा काठी टेकवून झाड दाखवी. धाकलू कोयत्याने तळहाताएवढी साल तासून काढी आणि त्या ओल्या पांढऱ्या जागेवर लोखंडी हातोडा हाणी. हातोड्याच्या तोंडावर गोल होतं आणि गोलात फुली. एक शिक्का छातीच्या उंचीवर, दुसरा पार मुळाशी, म्हणजे झाड पडल्यावरसुद्धा बुंध्यावर खूण राहावी. दोन-तीन दिवसांनी वाडीची माणसं कुऱ्हाडी घेऊन येत. शिक्क्याचं झाड कोणी उभं ठेवायचं नाही आणि बिनशिक्क्याच्या झाडाला कोणी हात लावायचा नाही, हा नियम. तो मोडला तर काम बंद. त्यामुळे वाडीतल्या शेंबड्या पोरापासून म्हातारीपर्यंत सगळ्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक होती, की ज्याच्यावर शिक्का बसला, ते गेलं.

धाकलूच्या बायकोचं नाव तानुबाई. ती भट्टी लावण्यात हुशार होती. लाकडं रचायची, वर पाला आणि माती थापायची, आणि धूर कोणत्या बाजूने निघतो ते बघून आत काय चाललंय ते सांगायची. नवरा जरा जास्त फुशारला की ती म्हणे, "तू काय, नुसता ठोकतूस. जाळते मी."

एकसष्ट सालच्या दिवाळीनंतर कुशाबा जांभूळमाळवर आला तो काठी टेकवायला थेट वाडीतच. डोंगर मालकीचा होता, मालक पुण्याला, आणि त्याने आता सगळा डोंगरच ठेकेदाराच्या गळ्यात मारला होता. झोपड्यांच्या भोवतीचे हिरडे, जांभळी, आणि ज्याच्या सावलीत वाडीची माणसं पिढ्यान् पिढ्या पुरली जात होती तो आंबा, सगळं तोडीत. झाडं गेली की झोपड्यांचं तिथे काम नाही. पावसाच्या आत वाडीने दुसरीकडे जायचं, असा निरोपही कुशाबाने काठीसारखाच सहज टेकवला.

धाकलूच्या तोंडचं पाणी पळालं. "मुकादम, ही वाडी हाय," तो म्हणाला.

"मला दिसतीय. मार शिक्का."

"आंब्याखाली माझी दोन पोरं हायेत."

"तू न्हाई मारलास तर दुसरा मारंल. मग उद्यापासून तोडीलाबी दुसरेच येत्याल. बग बाबा."

कुशाबा काही राक्षस नव्हता. त्यालाही वरून कोणीतरी काठी टेकवून दाखवत होतंच. पण म्हणून धाकलूने केलं ते पुसलं जात नाही. त्याने मारले. सबंध वाडीच्या देखत, दिवसाउजेडी, एकूण एकेचाळीस झाडं. आंब्यावर हातोडा पडला तेव्हा तानुबाई झोपडीच्या दारात उभी होती. संध्याकाळी तिने त्याच्या पुढ्यात भाकरी ठेवली आणि स्वतः तोंड फिरवून बसली. हे असं महिनाभर चाललं. एवढ्याशा झोपडीत नवराबायकोने महिनाभर न बोलणं म्हणजे काय, ते ज्याने केलं त्यालाच कळेल.

तोड मात्र लगेच सुरू झाली नाही. ठेकेदाराच्या भट्ट्या पलीकडच्या डोंगरात लागल्या होत्या, त्या होळीपर्यंत चालणार होत्या. जांभूळमाळची पाळी त्यानंतर. म्हणजे वाडीला उसने चार महिने मिळाले होते.

आणि त्या चार महिन्यांत निवडणूक आली.

आमच्या डोंगरपट्ट्याची आमदारकीची जागा त्या वेळी राखीव ठरली. आदिवासींसाठी राखीव. कागद करणाऱ्यांनी त्यांना विधानसभेत बसायला जागा राखून ठेवली. डोंगरात राहायला जागा राखायची तेवढी राहून गेली. ते असो. ठेकेदाराने आणि खालच्या बड्या मंडळींनी आपला माणूस उभा केला, पलीकडच्या खोऱ्यातला भैरू. भैरू गरीब स्वभावाचा, म्हणाल तिथे अंगठा उठवणारा. त्याला शिडी ही खूण मिळाली. त्याच्यासमोर उभा राहिला गोमा मास्तर.

गोमा म्हणजे तानुबाईचा धाकटा भाऊ. आई गेली तेव्हा तो पाच वर्षांचा होता. तानुबाईने त्याला मोळ्या विकून वाढवला, पौडला शाळेत घातला, आणि सातवी पास झाला तेव्हा अख्ख्या वाडीत गूळ वाटला. कातकऱ्याचा पोर मास्तर झाला ही गोष्ट खोऱ्यात कित्येकांना पचली नव्हती. आता तो नोकरीचा राजीनामा देऊन निवडणुकीला उभा होता आणि त्याला खूण मिळाली होती झाडाची.

"बाय, नशीब बघ!" वाडीत आल्या आल्या तो बहिणीला म्हणाला. "आपल्या माणसांना झाडापेक्षा ओळखीचं काय असणार? अक्षर नको, वाचणं नको."

मग त्याने वाडीला बसवून समजावलं. आमदार झालो तर ही जागा सरकारी कागदात गावठाण म्हणून लावून घेईन. एकदा गावठाण लागलं की ना मालक उठवू शकत, ना ठेकेदार. मामलेदाराने स्वतः सांगितलं होतं म्हणे, आमदाराचं पत्र आणा, मी चौकशी लावतो. पण पाऊस पडायच्या आत आणा.

त्या रात्रीपासून तानुबाई नवऱ्याशी बोलायला लागली. पहिलं वाक्य असं, "तू ठोकलंस ते आता तूच उपट."

धाकलूने जिवाचं रान केलं. हातोडा कोपऱ्यात टाकला, कुशाबाला अंगात कणकण आहे म्हणून निरोप धाडला, आणि तो डोंगर पालथा घालायला निघाला. माघाचे दिवस. सगळ्या वाड्यांची माणसं भट्ट्यांवर पांगलेली, वाड्यांत फक्त म्हातारी आणि कोंबड्या. धाकलू धुराचा माग काढीत एकेका भट्टीवर जायचा. एरवी चार माणसांपुढे ज्याची जीभ टाळ्याला चिकटायची, तो आता उभा राहून भाषण करायचा. माणसंही ऐकायची, कारण सांगणारा शिक्क्याचा धाकलू होता. रानातल्या कामात त्याचा शब्द कधी खोटा ठरला नव्हता.

मागच्या निवडणुकीची पद्धत लोकांना थोडीफार आठवत होती. तेव्हा प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळी होती, तिच्यावर चित्र, आणि आपला कागद आपल्या चित्राच्या पेटीत टाकला की झालं. या वेळी सरकारने ते बदललं होतं. पेटी एकच. कागदावर सगळी चित्रं. आणि मतदाराच्या हातात रबरी शिक्का.

"आत गेलं का कागद मिळंल," धाकलू सांगायचा. "वर शिडी, खाली झाड. झाड आपलं. शिडी ठेकेदाराची. दोनी चित्रं नीट बगायची. शिक्का मिळंल, त्यो हानायचा, घडी घालायची, पेटीत टाकायची. घाबरायचं न्हाई."

"शिक्का कसला हाय?" एकाने विचारलं.

"फुलीचा."

"म्हंजे तुज्या हातोड्यावानीच."

"आगदी तसाच," धाकलू हसत म्हणाला. "म्या तर आकरा वर्सं मतदानच करतुया म्हना की."

सगळे हसले. धाकलूला स्वतःचा विनोद इतका आवडला की पुढच्या प्रत्येक भट्टीवर त्याने तो केला.

जांभूळमाळमध्ये कमळ नावाची एक म्हातारी होती. डोळ्यांनी अधू, पण डोकं शाबूत. तिने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "धाकल्या, झाडाला धक्का न्हाई ना लागायचा?"

"न्हाई गं आजे. झाड राखायसाठीच तर चाललंय समदं. झाड राखायचं आन् शिडी पाडायची."

हे वाक्य त्याला एकदम सुचलं आणि लोकांच्या तोंडात बसलं. झाड राखा, शिडी पाडा. भट्टीवर लाकडं रचताना बाया तालावर म्हणू लागल्या. गोमाच्या कानावर गेलं तेव्हा त्याने दाजींची पाठ थोपटली. पुण्यात शिकलेल्यालाही असं सुचलं नसतं, असं म्हणाला.

मतदानाच्या दिवशी सकाळी रिह्याच्या शाळेसमोर जी रांग लागली, तशी त्या गावाने पूर्वी पाहिली नव्हती. गावची पेटी एका खोलीत, वाड्यांची दुसऱ्या खोलीत. बाया डोक्याला तेल लावून आल्या होत्या, पुरुषांनी भट्टीची काजळी घासघासून धुतली होती तरी नखांत राहिलीच होती. कमळ आजीला दोघांनी हाताची पालखी करून आणली. भैरूच्या बाजूने कुशाबा आणि गोमाच्या बाजूने धाकलू असे दोघे खोलीत बाकावर शेजारीशेजारी बसले होते. आयुष्यात पहिल्यांदा कुशाबाच्या बरोबरीने बसायची वेळ आली म्हणून धाकलू अवघडून बाकाच्या कडेलाच टेकला होता.

माणसं गोणपाटाच्या आडोशाला जात आणि बाहेर येत. बाहेर येणारा प्रत्येक जण धाकलूकडे बघून मान हलवी. झालं, असं. तानुबाई आत गेली ती लवकर बाहेर येईना. अधिकारी खाकरला. मग ती आली, घडी पेटीत टाकली, आणि नवऱ्याकडे बघून अशी हसली की त्याला लग्नातली तानुबाई दिसली. कुशाबाचा चेहरा उतरत चालला होता. दुपारपर्यंत तो म्हणाला, "धाकल्या, जितलास बाबा तू."

मोजणीला गोमाने दाजींना सोबत नेलं. पौडच्या शाळेची मोठी खोली, टेबलं, दोरीच्या अलीकडे उमेदवारांची माणसं. एकेक पेटी फुटत होती, गठ्ठे बांधले जात होते. धाकलूला आकडे कळत नव्हते, तो गोमाच्या चेहऱ्यावरून अंदाज घेत होता. आणि चेहरा चांगला होता. मावळाकडच्या खोऱ्यांनी, नदीकाठच्या वाड्यांनी झाडाला भरभरून दिलं होतं. शेवटची पेटी उरली तेव्हा गोमा नव्वद मतांनी पुढे होता.

"कोणती राहिली?" गोमाने विचारलं.

"रिहे, वाड्यांची."

गोमाने दाजींचा हात धरला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. आपल्या बहिणीची पेटी, आपल्या डोंगराची. आता काय राहिलं!

पेटी उघडली. मोजणाऱ्याने कागद उलगडून दोन बाजूंना टाकायला सुरुवात केली. डावीकडे शिडी, उजवीकडे झाड. डावीकडचा ढीग वाढू लागला. गोमाला वाटलं हा माणूस बाजू चुकतोय. तो दोरीवर ओणवा झाला. डावीकडे, डावीकडे, परत डावीकडे. शिडी दोनशे एक्केचाळीस. झाड सतरा.

गोमाने दाजींचा हात सोडला.

बाहेर भैरूला हार घातले जात होते. तो बिचारा बावरून ज्याच्या त्याच्या पाया पडत होता. गोमा शाळेच्या भिंतीशी उभा राहिला आणि फक्त एवढंच म्हणाला, "दाजी, काय पाजलं हो त्यांनी आपल्या माणसांना?"

"मास्तर, तशी न्हाईत आपली मानसं."

"मग कागद खोटं बोलतात?"

धाकलू चालत निघाला. वाटभर तो एकेकाचं नाव मनात घोळवत होता. कोणी पैसे खाल्ले असतील? कोणी दारू घेतली असेल? ज्याने त्याने हलवलेली ती मान आठवून तो आणखी झपाझप चालत होता. वाडीत पोचला तेव्हा सगळी अंगणात जमून वाट बघत होती. तानुबाईने तर दारात शेण शिंपडून ठेवलं होतं.

धाकलू सरळ मध्ये जाऊन उभा राहिला आणि ओरडला, "कुनी कुनी इमान इकलं सांगा! सांगा आताच्या आता!"

कोणाला काही कळेना. मास्तर पडला, हे त्याने सांगितलं तेव्हा तर बाया रडायलाच लागल्या. खरं रडणं होतं ते. पैसे खाऊन कोणी असं रडत नाही, एवढं धाकलूलाही दिसत होतं, आणि म्हणून तो आणखी चिडत होता.

"आरं पन आमी मारला की शिक्का!" तानुबाई म्हणाली. "जोरात मारला, दोनदा दाबला."

"कशावर मारलास?"

"शिडीवर."

धाकलू तिच्याकडे वळला. "शिडीवर? सख्खा भाऊ हुबा असून?"

"मग काय झाडावर मारू?" ती उसळून म्हणाली. "येडा का खुळा तू? झाडावर शिक्का मारल्यावर झाड ऱ्हाईल का? तूच तर सांगत व्हतास, झाड राखायचं, शिडी पाडायची. जी पाडायची तिच्यावरच मारनार ना?"

"आमीबी शिडीवरच," मागून कोणीतरी म्हणालं. मग दुसरा, मग तिसरा. कमळ आजी म्हणाली, "म्या तर दोनदा इचारून घेतलं साहेबाला, बाबा, झाड कोन्ची बाजू, चुकून त्याच्यावं पडू नये म्हनून."

सतरा जणांचं काय झालं, तेही नंतर कळलं. एक मत खुद्द धाकलूचं, बाकीचे सोळा खालच्या ओढ्याकाठचे, मासे धरणारे. त्यांनी तोडीचं काम कधी केलंच नव्हतं. झाड आपलं, असं धाकलूने सांगितलं होतं म्हणून त्यांनी झाडावर मारलं आणि घरी गेले.

धाकलू खाली बसला. मटकन. त्याला स्वतःचा आवाज ऐकू येत होता, भट्टी-भट्टीवरचा. आगदी तसाच. अकरा वर्षं मतदानच करतुया. कशावर शिक्का मारायचा हे तेवढं त्याने एकदाही सांगितलं नव्हतं. त्याला ते सांगायची गोष्टच वाटली नव्हती. गोमाकडून शिकला तेव्हा त्याच्या डोक्यात ते सरळ बसलं होतं, आणि बाकीच्यांना शिकवायला त्याच्याकडे अकरा वर्षांचा हातोडा तेवढा होता. दोनशे एक्केचाळीस माणसांनी त्याचा शब्दन् शब्द ऐकला होता. ठेकेदाराला एक थेंब दारू खर्चावी लागली नव्हती. त्या दिवशी धाकलूने कपाळ जमिनीवर आपटून घेतलं आणि त्याला धरायला चौघं लागली.

तानुबाईला उमगलं तेव्हा तिने धाकलूच्या कपाळावरची माती पुसली. मग म्हणाली, "गोमाला जाऊन सांग. त्येला वाटंल बहिनीनं दगा दिला."

धाकलू दुसऱ्या दिवशी पौडला गेला. गोमा भाड्याच्या खोलीत ट्रंक भरत होता. नोकरी गेली होती, आमदारकी गेली होती. धाकलूने सगळं सांगितलं, हातोड्यापासून शिडीपर्यंत, अडखळत, घाम पुसत. ऐकून झाल्यावर गोमा म्हणाला, "दाजी, मी पोरांना शिकवलंय. पोरं न केलेल्या अभ्यासाची कारणं सांगतात तेव्हा अशीच सांगतात."

"खरं सांगतुया, पोराबाळांची आन."

"दोनशे एक्केचाळीस माणसं? एकालाही विचारावंसं वाटलं नाही? आणि बायने? जिने माझ्या चित्राच्या पुस्तकातल्या झाडावर बोट ठेवून माझ्याकडून झ म्हणवून घेतला, तिने?"

"तिनंच तर जपून मारला, मास्तर."

गोमाने ट्रंकेचं झाकण लावलं. "तिला म्हणावं, घेतलं असेल तर घेतलं म्हण. मी माफ करीन. पण मला वेड्यात काढू नको." आणि तो दाराकडे तोंड करून उभा राहिला. जा, असं म्हणायचंच फक्त राहिलं होतं.

शिकलेल्या माणसाची ही एक मोठी पंचाईत असते. आपल्या माणसांचा लबाडपणा त्याला समजू शकतो, त्यांचा भोळेपणा समजत नाही. मला गोमाचा रागही येतो आणि त्याची कीवही येते. पण त्या दिवशी त्याने बहिणीवर विश्वास ठेवला असता तर निदान तिचा भाऊ तरी तिला उरला असता.

होळी झाली आणि जांभूळमाळची तोड सुरू झाली. कुशाबाने कुऱ्हाड चालवायला वाडीतल्या माणसांनाच बोलावलं. एकही गेला नाही. खालून दुसरी माणसं आणली. आंबा पडायला दीड दिवस लागला. निवडून आलेला भैरू डोंगर चढून कधी आलाच नाही. मामलेदाराकडे धाकलू तीनदा गेला, तिन्हीदा त्याला आमदाराचं पत्र विचारलं. वैशाखात अठरा झोपड्यांची कूड-काठी डोक्यावर घेऊन वाडी उठली. काही मोसे खोऱ्याकडे, काही घाट उतरून कोकणात. कमळ आजी घाटाच्या अर्ध्या वाटेत गेली. तिला कोणाच्या तरी रानात, विचारून, पुरावं लागलं.

धाकलू आणि तानुबाई खाली पालीच्या अंगाला दुसऱ्या ठेकेदाराच्या भट्टीवर लागली. धाकलूने पुन्हा शिक्क्याचं काम धरलं नाही. माती थापायचा, पाणी वाहायचा. तानुबाई धूर बघायची. भावाचं नाव ती काढत नसे. गोमा पाच वर्षांत एकदाही आला नाही, की कोणाच्या हाती निरोप नाही. तिची धाकटी पोर तापाने गेली तेव्हा धाकलूने गोमाकडे माणूस धाडला होता. तो परत आला तो, मास्तर घरात नव्हते, असं सांगत. ते खरं होतं की नाही, देव जाणे.

सदुसष्ट साली पुन्हा निवडणूक आली. जागा अजून राखीवच होती. घाटावरून आलेल्या एका मोळीवाल्याने सांगितलं, गोमा मास्तर परत उभा आहे. तानुबाईने हातातली पाटी खाली ठेवली.

"जायचं," ती म्हणाली.

"वाडी न्हाई ऱ्हायली आता तितं. कशाला जायचं?" धाकलू म्हणाला.

"वाडीसाठी न्हाई. मागच्या बारीचं चुकलंय ते नीट करायचं हाय."

दोन दिवसांची चढण होती. तिचे पाय सुजले होते, गुडघा धरून धरून चढत होती. वाटेत तिने धाकलूकडून चार वेळा वदवून घेतलं, कशावर मारायचं. जे ठेवायचं त्यावर मारायचं. चित्र कुठलंही असो. ती मान हलवी आणि पुढे चाले.

रिह्याच्या शाळेत तीच खोली होती. रांगेत दोघं उभी राहिली. पुढे गेल्यावर कारकुनाने विचारलं, "गाव?"

"जांभूळमाळ."

त्याने यादी चाळली. वरून खाली, खालून वर. माणूस चांगला होता, त्याने शेजारच्याचीही यादी मागून घेतली. "जांभूळमाळ अशी वाडीच नाही इथे."

"व्हती, साहेब. आठरा घरं व्हती."

"असेल तेव्हा. आता यादीत नाही. तुम्ही राहता कुठे?"

"घाटाखाली, भट्टीवं."

"मग तिथे बघा जाऊन. नाव तिथे असेल."

तिथे त्यांचं नाव कुठून असणार? भट्टीला गाव नसतं. धाकलू मागे सरला. अशा वेळी कसं मागे सरायचं, हे त्याच्या अंगवळणी पडलं होतं. तानुबाई हलली नाही.

"साहेब, नाव नसंल तर ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली. "कागद नगं. शिक्काबी नगं. बोटाला शाई तेवढी लावा."

"शाई? ती कशाला?"

"माजा भाऊ हुबा हाय. त्येला दाखवायचीय. आमी आलतो म्हनून."

कारकुनाने अधिकाऱ्याकडे बघितलं. अधिकाऱ्याने नकारार्थी मान हलवली. "मत दिल्याशिवाय शाई नसते, बाई. कायदा आहे. चला, मागे लोक खोळंबलेत."

मागची माणसं कुरकुरायला लागली. एकाने तिला कोपराने सारलं. ती तशीच उभी राहिली, टेबलाकडे हात करून, डाव्या हाताचं बोट पुढे धरून. धाकलू परत आला. त्याने ते बोट आपल्या मुठीत घेतलं, आणि तिला रांगेतून बाहेर काढलं.